इह आणि अमुत्र यांच्यामधला ओळंबा

या सदरातील बहुतेक अनुभव मी वाचले आहेत, आणि प्रांजळपणे सांगायचे तर वाचून बाजूला ठेवले आहेत. पिंपळावरचे पिशाच, विहिरीतली हाक, पाठमोरी पांढरी बाई... यांवर माझा कधीच विश्वास नव्हता. लोकांना याचे नवल वाटते. "शास्त्रीबुवा, तुम्ही त्रिकाल संध्या करता, लोकांची श्राद्धे चालवता आणि भुते मानत नाही?" पण मला यात विसंगती दिसत नाही. ईश्वराच्या राज्यात प्रत्येक वस्तू आपापल्या जागी आहे अशी ज्याची श्रद्धा आहे, त्याने जागा चुकलेल्या वस्तूंवर विश्वास का ठेवावा?

असा मी. म्हणूनच पुढील हकिकत लिहिताना लेखणी थोडी अडखळते आहे. जे पाहिले तेवढेच लिहितो.

माझे घर सोलापुरात, सिद्धेश्वराच्या तळ्यापासून हाकेच्या अंतरावर, एका अरुंद बोळात. दोन खोल्या, मागे अंगण, अंगणात तुळस. भिंतीला भिंत लागून नरसम्मा या तेलुगू बाईचे घर. तिच्या घरी दोन हातमाग, आणि त्यांची खटखट दिवसभर माझ्या पाठशाळेतल्या घोकंपट्टीला ताल देत असे. माझी गृहिणी लवकर निवर्तली. त्यानंतर माझी थोरली बहीण, आक्का, माझे घर सांभाळू लागली. ती माझ्याकडे का आली, हीच पुढची कथा आहे. पण आधी एका यंत्राविषयी सांगितले पाहिजे.

माझे गुरुजी अक्कलकोटच्याही पलीकडले. घरची भाषा कानडी, विद्येची संस्कृत, आणि मराठी ते दोन्हींच्या मधून बोलत. अखेरच्या दिवसांत त्यांनी मला एक शिसवी पेटी दिली. पेटीत एक फळी होती, औदुंबराच्या लाकडाची. फळीच्या मधोमध एक रेघ कोरलेली. रेघेच्या एका अंगाला 'इह' अशी अक्षरे, दुसऱ्या अंगाला 'अमुत्र'. म्हणजे हा लोक आणि तो लोक. रेघेपासून दोन्हीकडे जवाजवाच्या अंतरावर बारीक खुणा. फळीच्या दोन टोकांना पितळी खांब, त्यांवर आडवी दांडी, आणि दांडीला जानव्याच्या सुताने टांगलेला तांब्याचा एक ओळंबा. गवंडी भिंत सरळ आहे की नाही ते पाहायला वापरतो, तसाच. फक्त बोराएवढा.

गुरुजी त्याला सीमावलंब म्हणत. माणसाचे गोत्र आणि नाव उच्चारायचे आणि ओळंबा पाहायचा. तो माणूस ज्या लोकी असेल त्या बाजूला ओळंबा कलतो, आणि सीमेपासून तो किती दूर आहे ते जवांच्या खुणांवर दिसते.

"गुरुजी, ओळंबा कलेल कसा?" मी विचारले. "तो सरळच लोंबणार. त्याला दुसरे काही करताच येत नाही."

"नोडप्पा, बघ बाबा," गुरुजी म्हणाले, "तुझं बरोबर. पण सरळ म्हणजे कुठल्या लोकाच्या मानानं सरळ, ते मला सांग."

मग त्यांनी अंथरुणातूनच स्वतःचे गोत्र आणि नाव उच्चारले. ओळंबा 'इह' बाजूला जेमतेम एक जव कलून राहिला. वाऱ्याने हलावा तसा हलला नाही... कलला आणि तसाच थांबला. गुरुजींनी तो पाहिला आणि मिशीत हसले. "अजून थोडं आहे. जा, आंघोळीचं पाणी तापव. जाताना घामेजलेलं जायचं नाही."

ते गेल्यावरही मी मनाशी हेच म्हटले की पितळ वाकले असेल, सूत ओले झाले असेल. पेटी माळ्यावर ठेवून दिली.

आता आक्काची गोष्ट. तिचे यजमान दत्तोपंत, म्हणजे माझे दाजी, शांत स्वभावाचे आणि देवभक्त. एका वर्षी ते रामेश्वराला निघाले, सोबत गावातली चार मंडळी. मद्रासच्या वाटेवर एका स्टेशनावर ते पितळी तांब्या घेऊन पाणी आणायला उतरले. गाडी सुटली. सोबतची मंडळी खिडकीतून हाका मारीत राहिली. दाजी त्यांना नळाकडे चालताना पाठमोरे दिसले, आणि त्यानंतर ते कोणालाच दिसले नाहीत. तारा केल्या, माणसे धाडली, त्या स्टेशनाच्या मास्तरांनीही चौकशी केली. काही हाती लागले नाही.

आक्का माझ्याकडे आली ती कुंकू लावून. पुढे वर्षामागून वर्षे गेली, आणि ती रोज न चुकता कुंकू लावीत राहिली.

शास्त्रात अशा बेपत्ता माणसासाठी बारा वर्षांची मर्यादा सांगितली आहे. तोवर वाट पाहायची. मग पळसाच्या देठांची प्रतिमा करून तिला अग्नी द्यायचा, आणि तो माणूस गेला असे समजायचे. ती मर्यादा उलटल्यावर दाजींचे धाकटे बंधू, नाना, एका सकाळी माझ्याकडे आले. नाना मिलमध्ये कारकून होते. सरळ मनुष्य. पायरीवरच बसले.

"शास्त्रीबुवा, मला तुमच्याकडून फक्त एक कळू द्या," ते म्हणाले. "पितृपक्ष तोंडावर आला. दादाचं पान वाढायचं की नाही? वाढावं तर जिवंत भावाला पितरांत बसवलं. न वाढावं, तर... तर तो तिकडे उपाशी. दर वर्षी हा घास माझ्या घशात अडकतो हो."

आतून आक्काचा आवाज आला. "भावजी, बाहेर बसून माझ्या कपाळाचा निकाल लावू नका. आत या. चहा टाकलाय."

नाना आत आले आणि मान खाली घालून बसले. "वहिनी, मी तुमच्या वाईटावर नाही."

"माहीत आहे मला. तुम्ही त्यांच्या पाण्याचा विचार करताय. मीही तोच करत्येय." मग ती माझ्याकडे वळली. "काय रे, ते तुझ्या गुरुजींचं काय ते लोंबतं आहे ना माळ्यावर? काढ ते."

मी तिला समजावले की ते खेळणे आहे, यावर धर्मनिर्णय होत नाही. ती म्हणाली, "धर्मनिर्णय तू कर. मला नुसतं बघायचंय."

पेटी काढली. प्रथम मी जे हयात असल्याचे निश्चित ठाऊक आहे अशांची नावे घेतली: नानांचे, माझे. ओळंबा 'इह' बाजूला कलला, चांगला लांबवर. मग माझ्या दिवंगत वडिलांचे नाव घेतले. ओळंबा रेघ ओलांडून 'अमुत्र' बाजूला गेला, आणि सूत तिरके होऊन स्थिर राहिले. हात लावून पाहिला. परत सोडला की पुन्हा तिकडेच. मी सूत चाचपले, ते कोरडे होते. आक्का मात्र टक लावून पाहत होती.

"आता यांचं," ती म्हणाली.

मी दाजींचे गोत्र उच्चारले. दत्तात्रेय हे नाव उच्चारले. ओळंबा 'अमुत्र' बाजूला कलला. फार लांब नाही, रेघेच्या अगदी जवळ, पण 'अमुत्र' बाजूलाच.

पलीकडे माग चालू होता. आक्काने आपल्याच हाताने पदराच्या टोकाने कुंकू पुसले.

"कपाळ माझं होतं, पुसलं मी," ती म्हणाली. "केस देवानं दिलेले आहेत, त्यांना कुणी हात लावायचा नाही. आणि यांचं जे काय करायचं ते लवकर करा. एवढी वर्षं ते तहानलेले आहेत."

सीनेच्या काठी तो विधी झाला. पळसाच्या देठांची प्रतिमा, दर्भ, अग्नी, सारे यथासांग. अग्नी नानांनी दिला. तिलांजली देताना आक्का पुढे झाली. शास्त्राने स्त्रियांना तिलोदक नाकारलेले नाही, म्हणून मी अडवले नाही. पण ती ओंजळीवर थांबेना.

"आक्का, ओंजळ पुरे," मी म्हणालो.

"तुझ्या शास्त्राला पुरे असेल. पाणी आणायला गेलेला माणूस आहे तो. ओंजळीनं काय होतंय?" आणि तिने तीळ घातलेला अख्खा घडा नदीत उपडा केला.

त्यानंतरच्या उन्हाळ्याच्या तोंडाला, ऐन दुपारी, मिलचा भोंगा होऊन गेल्यावर, दारात एक मनुष्य येऊन उभा राहिला. अंगात कोट, डोक्याला पागोटे, हातात पितळी तांब्या.

"गाडी चुकली," तो म्हणाला. "तुमची जेवणं झाली का?"

ते दाजी होते.

आक्का स्वयंपाकघरातून बाहेर आली, थबकली, आणि तिने डोक्यावरचा पदर पुढे ओढला. दाजी तिच्याकडे पाहत राहिले.

"केस पांढरे कशानं झाले? आणि कपाळ का रिकामं?"

"तुमच्यामुळेच," आक्का म्हणाली आणि भिंतीला टेकून खाली बसली. मग हसायला लागली, मग रडायला, आणि दोन्ही बराच वेळ एकदमच चालू राहिले.

येथे मला जे दिसले ते वाचकांनी शांतपणे ऐकावे. दाजी जसे गेले होते तसेच आले होते. एक केस पिकला नव्हता. धोतर तेच, कोटाची बाही जिथे उसवली होती तिथेच उसवलेली. त्यांच्या लेखी ते पुढच्या गाडीने परत आले होते. आम्ही विचारले, एवढा वेळ कुठे होतात? त्यांनी आठवण्याचा प्रयत्न केला.

"प्लॅटफॉर्मवर," ते म्हणाले. "मोठा प्लॅटफॉर्म होता. नळ होते, पण पाणी नव्हतं. तहान फार लागली होती. मग कुणीतरी पाणी दिलं. पुष्कळ दिलं, अंगावरूनच आलं. पाण्यात तीळ होते... तीळ कशाला घातले होते कोण जाणे. ते प्यालो, तर समोर कुर्डुवाडी जंक्शन."

आक्काने आणि मी एकमेकांकडे पाहिले.

नानांना बोलावून आणले. ते भावाच्या पाया पडले, पण त्यांच्यातला कारकून गप्प बसेना. "दादा, मद्रासकडून येणाऱ्या गाडीला आधी सोलापूर लागतं, कुर्डुवाडी त्याच्या पुढे. तू कुर्डुवाडीकडून उलटा कसा आलास?"

दाजींनाही ते कोडे पडले. "खरं की रे," ते म्हणाले. "सोलापूर कधी गेलं ते कळलंच नाही."

आनंद झाला, पण तो अपुरा होता. कारण दाजी घरी होते आणि नव्हतेही. ज्या माणसाने तहान तहान म्हणून एवढे सांगितले, त्याला आता तहानच लागेना. समोर तांब्या ठेवला तरी हात पुढे होत नसे. ताटावर बसत, घास चिवडत, आणि उठत. डॉक्टर आणला; त्याने नाडी पाहिली, छाती तपासली, आणि म्हणाला की नाडी मंद आहे, बाकी सर्व ठीक. पण दाजी दिवसेंदिवस पातळ होत चालले. बोलणे कमी झाले. उंबऱ्यात बसून ते बोळाच्या तोंडाकडे पाहत राहत, जणू कुठली तरी गाडी यायची आहे.

मी सीमावलंब मांडला. दाजी समोर पाटावर बसलेले, श्वास घेत असलेले, आणि त्यांचे नाव घेताच ओळंबा 'अमुत्र' बाजूला! दुसऱ्या दिवशी पाहिले, तर तो त्या बाजूला आणखी थोडा सरकलेला. तिसऱ्या दिवशी आणखी.

आक्काने ते पाहिले. "म्हणजे परत निघालेत," ती अगदी हळू म्हणाली. "अरे, काहीतरी कर ना. एवढं शिकलास ते कशासाठी?"

मी पोथ्या काढून बसलो. आणि मला तो विधी सापडला. वाचकांपैकी थोड्यांनाच तो माहीत असेल. ज्याची उत्तरक्रिया झाली असा मनुष्य जिवंत परतला, तर तो जुना मनुष्य म्हणून घरात येऊ शकत नाही. त्याने पुन्हा जन्म घ्यायचा. त्याला तुपाच्या कुंभातून काढायचे, न्हाऊ घालायचे, नवजात बालकाप्रमाणे त्याचे जातकर्म आणि नामकरण करायचे, मुंज करायची, आणि मग त्याने आपल्याच पत्नीशी पुन्हा विवाह करायचा.

मी हे वाचून दाखवले. नाना गंभीर झाले. आक्का म्हणाली, "म्हणजे आधी माझ्या नवऱ्याचं बारसं, मग मुंज, मग लग्न? आणि वधू मी? या वयात? या केसांनी?"

"शास्त्रात वधूच्या केसांविषयी काही लिहिलेले नाही," मी म्हणालो.

"बरं झालं. उद्याच करा."

घरात बारसे आहे एवढेच भिंतीपलीकडे ऐकू गेले. सकाळी आम्ही दाजींना अंगणात तांब्याच्या मोठ्या घंगाळात बसवून त्यांच्या मस्तकावरून तूप ओतत होतो, तेवढ्यात नरसम्मा मागच्या दाराने आली. हातात रेशमी काठाची कुंची, छान शिवलेली, तान्ह्या बाळाच्या मापाची.

"अक्का, बाळ कुटं हाय?"

आक्काने घंगाळाकडे बोट दाखवले. नरसम्मा तुपाने निथळणाऱ्या, दाढीवाल्या दाजींकडे पाहत राहिली.

"अय्यो! हे तर लई थोरलं बाळ हाय की! ही कुंची ह्याच्या अंगठ्याला तरी बसंल का?"

नानांना हसू आवरेना. आक्काने ती कुंची घेतली आणि गंभीरपणे दाजींच्या डोक्यावर ठेवली. दाजींनी ती काढली नाही.

नामकरणाच्या वेळी मात्र मी अडलो. जुने नाव जुन्या देहाबरोबर अग्नीला दिले होते. नव्या जन्माला नवे नाव हवे. त्या दिवशी रोहिणी नक्षत्र होते, म्हणून शास्त्राप्रमाणे 'व' हे आद्याक्षर घेऊन मी वामन हे नाव ठेवले. नक्षत्रनाम ठेवण्यात माझी काही चूक झाली असे मला तेव्हा वाटले नाही. गावातला कोणताही वैदिक हेच करील. दाजींच्या कानात नाव सांगितले, आणि लगेच सीमावलंबाकडे वळून गोत्रासह तेच नाव उच्चारले.

ओळंबा हललाच नाही. इकडे नाही, तिकडे नाही. गवंड्याच्या ओळंब्यासारखा बरोबर रेघेवर लोंबत राहिला.

"याचा अर्थ काय?" नानांनी विचारले.

"या नावाचा मनुष्य कोणत्याच लोकी नाही," मी म्हणालो. मग मी जुने नाव उच्चारले. ओळंबा पुन्हा 'अमुत्र' बाजूला, आता फळीच्या कडेपर्यंत. खुणा तेथे संपत होत्या.

मुंज झाली. दुपारी विवाह. अंगणात तुळशीपुढे आक्का आणि दाजी समोरासमोर उभे, मध्ये अंतरपाट. एक टोक नानांनी धरले, दुसरे नरसम्माने. मी मंगलाष्टके म्हटली आणि मनातून देवाला साद घालत राहिलो. अंतरपाट दूर झाला. दाजींनी आक्काच्या गळ्यात मंगळसूत्र बांधले; हात थंड होते त्यांचे, मंगळसूत्र हाती देताना मला जाणवले. सप्तपदी झाली. प्रत्येक विधीनंतर मी ओळंब्याकडे पाहत होतो. त्याच्यात काहीच फरक नव्हता.

पाने मांडली. आक्काने पुरणपोळ्या केल्या होत्या. दाजी पानावर बसले आणि पोळीकडे नुसते पाहत राहिले. त्यांची दृष्टी अंगणाच्या भिंतीवरून पलीकडे कुठेतरी गेली होती. मला वाटले, आपण हरलो.

नरसम्माला यातले काही ठाऊक नव्हते. तिला ठाऊक होते ते एवढेच की लग्न झाले आहे आणि नवरी गप्प आहे. "नाव घ्या की अक्का! घास भरवायच्या आदी नाव घ्यायला पायजे. तुमच्यात पण असतंय की ते."

"गप्प बैस गं," आक्का म्हणाली.

"घ्या की! लाजताय व्हय?"

"मी नाव घेतलंच नाही कधी यांचं," आक्का म्हणाली, नरसम्माला नव्हे, दाजींकडे पाहत. "पहिल्या लग्नात मी एवढीशी होते. सगळ्या बायका मागे लागल्या, पण मी रडत होते. नाही घेतलं. पुढे कुणी विचारलंच नाही."

मी तिला सांगायला गेलो की आता नाव वामन घ्यायचे. तिने माझ्याकडे असे पाहिले की मी वाक्य अर्धेच सोडले.

"वामन कोण? मी काही त्याच्याशी लग्न नाही लावलं," ती म्हणाली. मग तिने पोळीचा तुकडा मोडला, तुपात बुडवला, दाजींच्या तोंडासमोर धरला, आणि सबंध बोळाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली,

"तिळाचं दिलं पाणी, पळसाची केली होळी,
दत्तोपंतांचं नाव घेते, आता बसा... वाढते पुरणपोळी!"

टिण्ण असा बारीक आवाज झाला. मी वळून पाहिले. ओळंबा रेघ ओलांडून, साऱ्या खुणा मागे टाकून, 'इह' बाजूच्या पितळी खांबावर जाऊन आदळला होता आणि सूत ताणून तेथेच चिकटून राहिला होता. मी त्याला हाताने मागे ओढले. तो पुन्हा तेथेच गेला.

दाजींनी घास घेतला. चावला. गिळला. मग जणू कोणी झोपेतून उठवावे तशी मान हलवून म्हणाले, "अगं, किती तूप घातलंयस! पाणी दे आधी."

आक्काने त्यांचाच पितळी तांब्या भरून दिला. त्यांनी तो एका दमात संपवला, आणि दुसरा मागितला. तिसराही. नाना तोंडावर उपरणे धरून बाहेर निघून गेले. नरसम्मा म्हणाली, "बाळाला लई तहान लागल्याली की!" आणि तिला आपण काय केले याचा पत्ताही नव्हता.

त्यानंतर बरीच वर्षे झाली. दाजी आणि आक्का माझ्याच घरी राहतात. दाजी आता तिच्यापेक्षा लहान दिसतात, आणि बोळातल्या नव्या बिऱ्हाडकरूंना ती त्यांची थोरली बहीण वाटते. आक्का म्हणते, "वाटू दे. सगळ्या जणींना थोरले नवरे मिळतात, मला धाकटा मिळाला." दाजी यावर मिशीत हसतात. त्यांना उत्तम तहान-भूक लागते. प्रवास मात्र ते करीत नाहीत. आक्का स्टेशनच्या दिशेने जाऊच देत नाही.

मी पुष्कळ विचार केला. दत्तात्रेय हे नाव मी त्या यंत्रासमोर किती वेळा, किती शुद्ध उच्चारांनी घेतले होते. गोत्र, प्रवर, काही चुकले नव्हते. आक्काने तर गोत्रही घेतले नाही आणि पुरते नावही नाही, उखाण्यातले घरगुती 'दत्तोपंत' तेवढे घेतले. मग ओळंब्याने तिचेच का ऐकले? आणि ती वर्षे दाजी कोठे होते? जो प्लॅटफॉर्म त्यांना आठवतो तो कोणत्या रेल्वेचा? ते कुर्डुवाडीकडून का आले? यांपैकी एकाचेही उत्तर माझ्याकडे नाही. कोणा विद्वान वाचकाकडे असेल तर त्याने जरूर लिहावे, मी नम्रपणे ऐकेन. पण काही प्रश्नांना आपल्या परंपरेत अतिप्रश्न म्हटले आहे, आणि ते विचारणाऱ्याला थांबायला सांगितले आहे. मला आता थांबण्यात सुखच वाटते.

हा मजकूर छापायला धाडण्यापूर्वी मी दोघांना वाचून दाखवला. दाजी म्हणाले, सर्व बरोबर आहे. आक्काने मात्र एक हरकत घेतली.

"माझा उखाणा अख्खा लिहिलास? नावासकट?" ती म्हणाली. "ते नाव मी एकदाच घेतलं, आणि तू ते छापून साऱ्या जिल्ह्याला घ्यायला लावणार?"

मी म्हणालो, तो काढला तर हकिकतच उरत नाही.

ती दाजींकडे पाहून म्हणाली, "असू दे मग. जेवढी जास्त माणसं घेतील तेवढं बरं. हे इथं घट्ट राहतील."